शब्दचर्चा: ‘शाश्वत विकास’ मधला ‘शाश्वत’ वर्गात कसा शिकवायचा?

विचारणा (माध्यमिक शिक्षिका, परळ)

आठवी-नववीच्या पर्यावरणाच्या तासिकांसाठी मराठीत टिपणं तयार करतेय. ‘सस्टेनेबल’ला पाठ्यपुस्तकांत आणि शासनाच्या कागदांत ‘शाश्वत’ आहे. मुलं उत्तरपत्रिकेत लिहितात, ‘शाश्वत विकास म्हणजे कधीही न संपणारा विकास’. उत्तर चुकीचं आहे, पण शब्दाचा रूढ अर्थ बघितला तर मुलांना दोष देता येत नाही. ‘टिकाऊ’, ‘चिरस्थायी’, ‘निरंतर’ यांतलं काही घ्यावं का? आणि नाम करताना ‘शाश्वतता’ लिहायचं की ‘शाश्वती’?

अनुवादक (पदवीचं अभ्याससाहित्य), गिरगाव

शेवटच्या प्रश्नापासून सुरुवात करते. ‘शाश्वती’ अजिबात नको. मराठीत शाश्वती म्हणजे खात्री, हमी. ‘गाडी वेळेवर येईल याची शाश्वती नाही’ हे रोजचं वाक्य. म्हणून ‘शाश्वतता’, उच्चाराला जड असली तरी.

हा खात्रीचा अर्थ विशेषणातही शिरतो, आणि घोळ तिथेच होतो. ‘शाश्वत सिंचन’ म्हटलं की शेतकऱ्याला ऐकू येतं ‘हमखास पाणी’. आता तीनशे फुटांची बोअर मारून बारमाही पाणी मिळालं तर ते या अर्थाने शाश्वत झालं. पण दरवर्षी जिरतं त्याहून जास्त उपसलं जात असेल तर आपल्या विषयाच्या अर्थाने ते अशाश्वतच. एकच शब्द, दोन उलटी उत्तरं. नववीच्या मुलांना हे उदाहरण जरूर द्या, त्यांना ते चांगलं कळतं.

पर्यायांबद्दल: ‘टिकाऊ’ हे वस्तूचं विशेषण आहे. प्लास्टिकची पिशवी टिकाऊ असते, म्हणूनच तर ती देवनारच्या कचऱ्याच्या ढिगात वर्षानुवर्षं पडून राहते. ‘निरंतर’ हा शब्द ‘निरंतर शिक्षण’ने आधीच अडवलाय, त्याचा संबंध प्रौढांच्या शिक्षणाशी. हिंदीतलं ‘सतत विकास’ मराठीत आणलं तर ‘न थांबता विकास’ होतं, जे नेमकं नको आहे. ‘चिरस्थायी’ चालला असता, पण संयुक्त राष्ट्रांच्या २०१५ च्या सतरा ध्येयांना ‘शाश्वत विकास ध्येये’ हे नाव रुळलंय. मुलांना पुढे परीक्षेत, स्पर्धा परीक्षेत तेच भेटणार. शब्द बदलू नका, त्याची व्याख्या घट्ट करा.

आणि व्याख्या देताना संयुक्त राष्ट्रांच्या ब्रुंटलांड आयोगाच्या १९८७ च्या अहवालातला एक शब्द गाळू नका. ‘भावी पिढ्यांच्या आपल्या गरजा भागवण्याच्या क्षमतेला बाधा न आणता आजच्या गरजा भागवणारा विकास.’ गाइडांमध्ये याचं ‘भावी पिढ्यांसाठी साधनसंपत्ती राखून ठेवणे’ होतं. ‘क्षमता’ गेली की मुलांना वाटतं, शाश्वत म्हणजे न वापरता जपून ठेवलेलं. मग मासेमारी, वनउपज, शेती हे सगळंच त्यांना अपराध वाटू लागतं.

विज्ञान शिक्षक, भांडुप

ताईंशी सहमत. माझा आग्रह एवढाच की व्याख्येच्या आधी क्रियापदं द्यावीत: पुरणे, उपसणे, भरून येणे. या शब्दामागच्या कल्पनेचा जन्मच मुळी हिशोबातला आहे. १७१३ साली सॅक्सनीत (आजच्या जर्मनीत) खाणींचे अधिकारी कार्लोवित्झ यांनी वनशास्त्रावर लिहिताना ती मांडली, कारण खाणी आणि भट्ट्यांना लाकूड पुरेना. जंगल जेवढं वाढतं तेवढंच तोडायचं. म्हणजे ‘शाश्वत’ हा वस्तूचा गुण नाही, वापराच्या वेगाचा गुण आहे.

हा वेग दाखवायला एक तासिका पुरते. चार मुलांचा गट. मध्ये वाटीत ४० चिंचोके, हे मासे. आणखी ८० चिंचोके शिक्षकाकडे राखीव. प्रत्येक फेरीत प्रत्येकाने हवे तेवढे घ्यायचे. वाटीत उरतील ते दुप्पट करायचे, पण ४० च्या वर नाही. पाच फेऱ्या. पहिला डाव न बोलता, दुसरा आपसांत बोलून.

आकडे असे चालतात. प्रत्येकी ५ घेतले तर २० उरतात, पुन्हा ४० होतात, कितीही फेऱ्या खेळा. प्रत्येकी ६ घेतले तर १६ उरून ३२, मग ८ उरून १६, आणि तिसऱ्या फेरीत वाटी रिकामी. फक्त एक-एक जास्तीचा! प्रत्येकी ४ घेतले तर २४ उरतात, दुपटीने ४८ व्हायला हवेत, पण ४० वर अडतात. ही वरची मर्यादा म्हणजे ‘धारणक्षमता’.

खरा धडा पुढे आहे. पहिल्या फेरीत ६ घेऊन चूक कळली आणि मुलं लगेच ५ वर आली, तरी वाटी वाचत नाही: ३२ चे १२ उरून २४, मग ४ उरून ८, संपलं. पण एकाच फेरीत प्रत्येकी ३ वर आले तर २० उरून पुन्हा ४०. ‘पूर्वीच्या प्रमाणात’ येणं पुरत नाही, काही काळ त्याहून कमी घ्यावं लागतं. १ जून ते ३१ जुलै यांत्रिक होड्यांना समुद्रबंदी का, हे इथे शिकवा. वर्सोवा, वरळी, माहीमच्या कोळीवाड्यांतली मुलं वर्गात असतील तर ती प्रजननाचा काळ, जाळ्याच्या आसाचा (भोकांचा) आकार हे स्वतःच सांगतील. त्यांना बोलू द्या.

डाव बिघडतो तो तीन कारणांनी. जास्त चिंचोके मिळवणाऱ्याला बक्षीस ठेवलं तर ती शर्यत होते. चिंचोक्यांऐवजी गोळ्या ठेवल्या तर त्या खाल्ल्या जातात आणि मोजणी जाते. आणि दुपटीचा नियम नीट न सांगता सुरुवात केली तर मुलं हरली की ‘आम्हाला माहीतच नव्हतं’ म्हणतात, शिकत काही नाहीत.

शिक्षिका, परळ

सर, हे फारच उपयोगी. ‘धारणक्षमता’ की ‘वहनक्षमता’?

विज्ञान शिक्षक, भांडुप

धारणक्षमता. मुंबईत ‘वहनक्षमता’ म्हटलं की नाल्यातून तासाला किती पाणी जाईल तो अर्थ आधी येतो.

ऊर्जा विषयाच्या प्राध्यापिका, सांताक्रूझ

एक जोडी वेगळी शिकवा: नवीकरणीय आणि शाश्वत. नवीकरणीय म्हणजे पुन्हा भरून येणारं. लाकूड नवीकरणीय आहे, पण वाढीपेक्षा जास्त तोडलं तर शाश्वत नाही. चिंचोकेही नवीकरणीयच होते! शिवाय ऊर्जास्रोतांची ‘पारंपरिक-अपारंपरिक’ ही जुनी विभागणी आता सोडावी. तिच्यात गोवऱ्या आणि दगडी कोळसा एकाच ‘पारंपरिक’ रकान्यात बसतात, आणि मुलं गोवरीलाही संपणारं इंधन ठरवतात.

कचरा वर्गीकरणाच्या प्रशिक्षक, चेंबूर

माझी तक्रार ‘पुनर्वापर’बद्दल आहे. काचेची बरणी धुऊन त्यात डाळ भरली तर पुनर्वापर. बरणी फोडून, वितळवून नवी केली तर पुनर्चक्रण. शाळांच्या फलकांवर दोन्हींना ‘पुनर्वापर’ लिहितात आणि त्यामुळे क्रमच जातो: आधी कमी वापर, मग पुनर्वापर, मग पुनर्चक्रण. पुनर्चक्रणाला पाणी, वीज, वाहतूक लागते, म्हणून ते शेवटी.

दुसरी जोडी: कुजणे आणि सडणे. मराठीत हा भेद आयता आहे, तो वापरा. हवा खेळती असेल तर ओला कचरा कुजतो, मातीसारखा वास येतो. हवा कोंडली, पाणी साचलं तर सडतो आणि घाण सुटते. शाळेच्या पिंपात १ बादली ओल्या कचऱ्याला २ बादल्या सुका पाला, पिंपाला तळाशी आणि बाजूंना भोकं, आठवड्यातून दोनदा वरखाली. मूठभर घेऊन दाबलं तर एखाद-दोन थेंब यावेत. धार लागली तर पाला वाढवा. मुंबईत हे प्रकल्प बहुधा जुलैत बंद पडतात, कारण शाळा जूनमध्ये उघडते आणि पावसात सुका पाला मिळत नाही. त्याची बेगमी फेब्रुवारी-मार्चच्या पानगळीत, गोणी भरून, छपराखाली करायची.

आणि ‘कंपोस्टेबल’ छापलेली पिशवी या पिंपात टाकू नका. तिची चाचणी मोठ्या प्रकल्पातल्या ५८ अंशांच्या आसपासच्या उष्णतेला होते. लहान पिंपात तेवढी उष्णता धरून राहत नाही, पिशवी महिनोन्‌महिने तशीच दिसते. ‘विघटनशील’ लिहिताना कुठे, किती दिवसांत, हे दोन प्रश्न मुलांनी विचारलेच पाहिजेत.

अनुवादक, गिरगाव

प्रश्नपत्रिकेबद्दल एक सुचवते. ‘शाश्वत विकासाची व्याख्या लिहा’ असं विचारू नका. ‘एका विहिरीत वर्षाला जेवढं पाणी भरतं त्याच्या सव्वापट उपसलं जातं. ही सिंचनव्यवस्था शाश्वत आहे का? सकारण सांगा’ असं विचारा. १ गुण उत्तराला, ३ कारणाला. आणि अभ्यासक्रमाचं शीर्षक ‘शाश्वत विकासासाठी शिक्षण’ ठेवा. ‘शाश्वत शिक्षण’ केलं की विशेषण शिक्षणाला चिकटतं.

शिक्षिका, परळ

दोन्ही टिपणात घेते. आणखी एक: महाराष्ट्र निसर्ग उद्यानाला भेट ठरतेय. कचराभूमीवर उभं राहिलेलं, मिठी नदीच्या काठचं, म्हणून निवडलंय. कार्यपत्रिकेत ‘खारफुटी’, ‘कांदळवन’ की ‘तिवर’?

विज्ञान शिक्षक, भांडुप

समूहाला खारफुटी किंवा कांदळवन, दोन्ही बरोबर. शासनाचा ‘कांदळवन कक्ष’ आहे. पण तिवर आणि कांदळ ही वेगवेगळी झाडं. तिवराची श्वसनमुळं चिखलातून सरळ वर आलेली असतात, कांदळाची आधारमुळं खोडातून खाली उतरतात. कार्यपत्रिकेत मुळांचं चित्र काढायला सांगा आणि नाव त्यावरून मुलांना ठरवू द्या. ओहोटीची वेळ बघून जा, भरतीला मुळं पाण्याखाली असतात.