सारा शुलमन: सुरुवात कुठून करावी?

शाईचा_डाग:
अमेरिकन लेखिका सारा शुलमनचं 'लेट द रेकॉर्ड शो' (२०२१), म्हणजे न्यूयॉर्कच्या 'ॲक्ट अप' या एड्सविषयक आंदोलन-संघटनेचा इतिहास, आधी वाचावं की कादंबऱ्या? हे पुस्तक सातशेच्या वर पानांचं आहे आणि त्यातला काळ सारखा पुढेमागे जातो. कादंबऱ्या, पटकथा, चळवळ, इतिहास यांची सांगड कशी घालायची? पुस्तकामागच्या मूळ मुलाखती कशा वापरायच्या?

तळटीप:
'पीपल इन ट्रबल' (१९९०) पासून सुरुवात करा. विवाहित चित्रकार केट, तिचा नवरा पीटर, प्रेयसी मॉली. भोवती एड्सने मरणारी माणसं आणि भाडेकरूंच्या मुळावर उठलेला बिल्डर. त्यातली 'जस्टिस' संघटना म्हणजे बरीचशी 'ॲक्ट अप'च. शुलमन १९८७ पासून ॲक्ट अपमध्ये होती आणि त्याआधी समलिंगी वृत्तपत्रांत एड्सवर बातम्या लिहायची. त्यामुळे सभा, पत्रकं, रुग्णालयं यांचे तपशील कादंबरीत बातमीदाराच्या नजरेने येतात. मग 'स्टेजस्ट्रक' (१९९८). १९९६ च्या 'रेंट' या संगीतिकेत आपल्या कादंबरीचा ऐवज उचलून नायकपण भिन्नलिंगी पुरुषाला दिलं, हा तिचा आरोप त्यात सविस्तर आहे. जाडजूड इतिहास त्यानंतर.

जुनी_फाईल:
तळटीप यांच्या क्रमाला +१. आता मुलाखती. २००१ पासून शुलमन आणि चित्रपटकार जिम हबर्ड यांनी ॲक्ट अप न्यूयॉर्कच्या १८० हून अधिक सदस्यांना कॅमेऱ्यासमोर बोलतं केलं. शब्दांकनं जालावर फुकट आहेत. सुरुवातीला नाव, वय, तारीख, जागा; मग बालपण, घर; चळवळ बरीच नंतर. ती पहिली पानं गाळू नका, कोण कुठल्या घरातून आलं ते तिथेच कळतं.

माणसागणिक वाचलंत तर गोंधळ उडेल. एक मोहीम धरा. उदा. एड्सची सरकारी व्याख्या: गर्भाशयमुखाचा कर्करोग तीत नव्हता, त्यामुळे अनेक आजारी बायका मोजल्या जात नसत आणि अपंगत्वाचा भत्ताही हुकायचा. चार वर्षं लढल्यावर जानेवारी १९९३ मध्ये व्याख्या बदलली. या एका विषयावर चार-पाच जणांचं शेजारी ठेवून वाचा. औषधांवर काम करणारे आणि बायकांच्या प्रश्नावर काम करणाऱ्या, दोन्ही घ्या. मुलाखती घटनेनंतर दहा-पंधरा किंवा जास्तच वर्षांनी झाल्यात, म्हणून तारखा वर्तमानपत्रांशी ताडून बघा: अमेरिकेच्या अन्न व औषध प्रशासनाला घेराव ११ ऑक्टोबर १९८८, सेंट पॅट्रिक चर्चमधली निदर्शनं १० डिसेंबर १९८९. शिवाय बोलणारे सगळे त्या साथीतून जगलेले आहेत. गेलेल्यांची बाजू दुसऱ्याच्याच तोंडून येते.

पुस्तक कालानुक्रमे नाही ते मुद्दामच. एकाच वेळी अनेक गट वेगवेगळं काम करत होते. सरळ रेषेत मांडलं की दोन-चार पुढारीच उरतात. १९८७ ते १९९३ चा तारीखतक्ता कागदावर काढून जवळ ठेवा.

रीळ_नंबर_दोन:
पटकथांकडे थोडक्यात पाहिलं तरी चालेल. दिग्दर्शिका शेरिल ड्युनीबरोबरचे 'द आउल्स' (२०१०) आणि 'मॉमी इज कमिंग' (२०१२) प्रयोग म्हणून ठीक, कादंबरीकार शुलमन त्यांत फारशी सापडत नाही. हबर्डचा 'युनायटेड इन अँगर' (२०१२) हा ॲक्ट अपवरचा माहितीपट मात्र चुकवू नका. शुलमन त्याची सहनिर्माती आहे, आणि पुस्तकातल्या सभा तिथे प्रत्यक्ष दिसतात.

अवांतर: १९९२ चा लेस्बियनांचा आंदोलन-गट 'लेस्बियन अव्हेंजर्स' राहिला. शुलमन संस्थापकांपैकी. पहिलंच आंदोलन न्यूयॉर्कच्या क्वीन्स भागातल्या प्राथमिक शाळेबाहेर, शाळा उघडायच्या दिवशी: मुलांच्या हातात जांभळे फुगे, त्यांवर लेस्बियनांविषयी विचारा असा मजकूर. त्यांची आंदोलन-पुस्तिका छोटी आहे, शोधून वाचाच.