ब्रॅकेजच्या हाताने रंगवलेल्या फिल्म मागे म्युझिक लावून बघितल्या तर चालेल का?

खिडकीतला: मंडळी, स्टॅन ब्रॅकेज या अमेरिकन प्रायोगिक फिल्मवाल्याची 'द दान्ते क्वार्टेट' (१९८७) बघितली. सहाएक मिनिटं नुसता रंग, ना गोष्ट ना माणूस, आणि आवाज तर शून्य. जरा वेळाने चुळबुळ सुरू झाली, मग मागे जॅझ लावलं आणि एकदम मजा यायला लागली. असं बघणं चालतं का, की मुद्दाच निसटला?

निळीशाई: चालतं की, कोण अडवणारे तुला. पण गाणं लावलंस की डोळा कानाच्या मागे फरफटत जातो, ठेक्यावर आलेला लाल डाग तेवढा लक्षात राहतो आणि बाकीचं वाहून जातं. ब्रॅकेजने बहुतेक फिल्म मुक्या ठेवल्या त्या यासाठीच. मिटल्या पापणीआड जे ठिपके नि रेघा दिसतात ना, ते त्याला पडद्यावर आणायचं होतं. कॅमेरा वगैरे काही नाही, थेट फिल्मच्या पट्टीवर रंग, एकेक फ्रेम वेगळी, आणि सेकंदाला २४ जातात, कर हिशोब.

टवाळ: स्क्रीनसेव्हर आहे हो सगळा. आता कोणीतरी येऊन म्हणेल गाण्यातल्या रागाला तरी कुठे अर्थ असतो 😄

निगेटिव्ह: राग नाही काढत, पण टवाळभाऊ, बघितलं कशावर? मोबाईलवर असेल तर तुमचा दोष नाही. ऑनलाइन व्हिडिओ कॉम्प्रेस करताना मागच्या फ्रेमसारखं जे असेल ते परत साठवत नाहीत, इथे दोन फ्रेममध्ये सारखं जवळपास काहीच नाही, त्यामुळे रंगाचा पोत जाऊन नुसते चौकोन उरतात. ब्लू-रे डिस्क मिळवा, खोलीत अंधार करा, मग बोलू.

आणि जॅझच हवं तर 'बिगॉन डल केअर' बघा ना! १९४९ची, नॉर्मन मॅक्लॅरन आणि एव्हलिन लॅम्बार्टने जॅझ पियानोवादक ऑस्कर पीटरसनच्या ट्रिओच्या संगीतावर रंगवलेली. तिच्यात बऱ्याच ठिकाणी फ्रेमची हद्द न पाळता लांबच्या लांब पट्टी सलग रंगवलीय. मधला संथ भाग म्हणजे काळ्यावर नुसते ओरखडे, आणि मला तोच सगळ्यात भारी वाटतो. कॅनडाच्या नॅशनल फिल्म बोर्डच्या साइटवर फुकट आहे.

निळीशाई: +१. आपल्या मुंबईत चित्रकार अकबर पदमसींनी 'सिझिजी' (१९७०) ही फिल्म केली, तीही मुकीच. फक्त ती फिल्मवर रंगवलेली नाही, ड्रॉइंगांची आहे.

खिडकीतला: ओके, मग मॅक्लॅरन आधी. दान्ते आवाज बंद ठेवून परत लावलीय, रूममेट विचारतोय टीव्ही बिघडला का.