एपेली, वाइसाले, सेरू: यातलं 'खरं' फिजियन नाव कुठलं?

लांबचा_प्रवासी

नोकरीमुळे फिजीच्या राजधानीत, सुवामध्ये राहिलोय, त्यामुळे विषय जवळचा आहे. परवा बाळांच्या नावांच्या एका साइटवर 'पारंपरिक फिजियन मुलांची नावं' अशी यादी दिसली. एपेली, वाइसाले, सितिवेनी, तिमोथी वगैरे, आणि पुढे अर्थ काय तर शूर योद्धा, सागराचा स्वामी, असलं काहीतरी ठोकून दिलेलं. खाली एकाने लिहिलेलं की यातलं एकही नाव फिजियन नाही, सगळी मिशनऱ्यांनी लादलेली. मला दोन्ही चूक वाटतात म्हणून हा धागा.

आधी उगम सांगतो. एपेली म्हणजे बायबलमधला एबल. सितिवेनी म्हणजे स्टीफन, तेविता म्हणजे डेव्हिड, आणि रग्बीवाल्या वाइसाले सेरेवीचं वाइसाले म्हणजे वेस्ली, मेथडिस्ट पंथाचा जॉन वेस्ली. विल्यम क्रॉस आणि डेव्हिड कारगिल हे दोघे मिशनरी १८३५ मध्ये लाकेम्बा बेटावर उतरले आणि तिथून मेथडिस्ट पंथ पसरला. फिजियन भाषेत शब्द व्यंजनावर संपत नाही, जोडाक्षरं नाहीत, म्हणून स्टीफनचं सितिवेनी होतं. सी हे अक्षर मिशनऱ्यांनी 'द' आणि 'थ' यांच्यामधल्या उच्चारासाठी वापरलं, मी ते इथे 'थ' लिहितोय. बी म्हणजे म्ब, डी म्हणजे न्द. नान्दी विमानतळाला आपले लोक नाडी म्हणतात ते त्यामुळेच.

आता माझं म्हणणं. तिथे मुलाचं नाव काय ठेवलं हे कळल्यावर पुढचा प्रश्न 'अर्थ काय' असा नसतो, 'कुणाचं नाव' असा असतो. याथा म्हणजे नाव आणि याथा म्हणजेच आपल्या नावाचा दुसरा माणूस, एकच शब्द. ज्याचं नाव ठेवलं तो आजोबा, काका, कधी बापाचा जिवलग मित्र, आणि तो आणि ते पोर आयुष्यभर एकमेकांना याथा म्हणून हाक मारतात. हे नुसतं कौतुक नसतं, देणंघेणं, मान, जबाबदारी सगळं त्यात येतं.

उदाहरण बघा. रातू एपेली नाइलातिकाउ २००९ ते २०१५ देशाचे राष्ट्राध्यक्ष होते. वडिलांचं नाव रातू सर एडवर्ड थाकोम्बाउ. आडनाव शोधायला गेलात तर हाती काही लागणार नाही, कारण घराण्याचं एकच आडनाव चालवायची पद्धत तिथे मुळात नव्हती, अजूनही भावाभावांची शेवटची नावं वेगळी असलेली दिसतात. पण म्बाउ बेटाचा मोठा राजा थाकोम्बाउ १८८३ मध्ये गेला तेव्हा त्याच्यामागे जो मुलगा गादीवर आला त्याचं नाव रातू एपेली नाइलातिकाउ. म्हणजे बापाला राजाचं नाव, मुलाला राजपुत्राचं. आता मला सांगा, या एपेलीचा अर्थ हिब्रू डिक्शनरीत शोधायचा की म्बाउच्या वंशावळीत? माझ्या मते वंशावळीत, आणि म्हणून ते नाव शंभर टक्के फिजियन आहे.

सह्याद्रीपुत्र

मुद्दा मांडलाय छान पण मला अजिबात मान्य नाही. याथाची पद्धत फिजियन आहे, कबूल, पण त्या पद्धतीत जे नाव फिरतंय ते बाहेरून आलेलंच आहे ना. ज्या समाजाकडे नावांची स्वतःची एवढी जबरदस्त परंपरा होती तिथे बायबलमधली यादी वरून आली आणि पहिल्या जागेवर जाऊन बसली, याला आपण 'पारंपरिक' म्हणायचं का?

तुम्ही थाकोम्बाउचं नाव घेतलंत, मग त्याचीच गोष्ट पूर्ण सांगू. जन्माचं नाव सेरू. बाप तानोआ, म्बाउचा राजा, त्याला विसावांगा म्हणायचे, म्हणजे होड्या जाळणारा, विरोधकांच्या होड्या जाळल्या म्हणून. १८३२ मध्ये तानोआला पदच्युत केलं, तो पळाला, सेरू मात्र बंडखोरांमध्येच म्बाउवर राहिला, आतून माणसं फिरवत बसला आणि १८३७ मध्ये उठाव करून बेट परत घेतलं. तेव्हापासून तो थाकोम्बाउ, म्बाउचा विध्वंस करणारा. तानोआचा बाप, राजा म्बानुवे, परदेशी जहाजांबरोबर आलेल्या साथीत १८०३ च्या सुमाराला गेला, त्याला मेल्यानंतर नाव मिळालं म्बालेइवावालांगी, परदेशी रोगाने पडलेला. म्हणजे एकाच घराण्याच्या तीन पिढ्यांच्या नावांत अख्खा इतिहास वाचता येतो. नाव माणसाबरोबर वाढायचं, बदलायचं, मेल्यावरसुद्धा बदलायचं!

आणि मग १८५४ मध्ये थाकोम्बाउ ख्रिस्ती झाला, १८५७ मध्ये बाप्तिस्मा, नाव एपेनिसा, म्हणजे एबेनेझर. या नावात त्याचं काय आहे? १८७४ मध्ये लेवुकाला देश ब्रिटिशांच्या हवाली करणाऱ्या करारावर सही करताना त्यानेसुद्धा थाकोम्बाउ असंच लिहिलं. मला वाटतं त्याने स्वतःच उत्तर दिलंय.

वसईची_लेक

@सह्याद्रीपुत्र राग मानू नका पण हे बोलणं आम्ही लहानपणापासून ऐकत आलोय. माझ्या पणजोबांचं नाव बस्त्याव. मूळ सेबास्तियाव, पोर्तुगीजांबरोबर आलेलं, मान्य. पण पोर्तुगालमधल्या कुठल्याही माणसाला बस्त्याव म्हणून हाक मारा, तो वळून बघणार नाही. ते नाव आमच्या वाडीत, आमच्या बोलीत घडलंय, त्या नावाने शेत आहे, विहीर आहे, आजीच्या ओव्यांमध्ये ते नाव आहे. गोव्यात जुआंव, इनास, कायतान तसंच. कुणी येऊन सांगायचं की हे तुमचं नाही, आधीचं शोधा, तर आधीचं म्हणजे कधीचं? प्रत्येकाची रेघ कुणीतरी दुसराच का मारतो?

फिजीत तर चर्च चालवणारे, गावोगाव शिकवणारे बहुतेक बेटांवरचेच लोक होते, तोंगन आणि फिजियन. त्यांनी त्या नावांना आपल्या जिभेवर घेतलं. वाइसाले हे नाव इंग्लंडमध्ये कुणाचं आहे?

सह्याद्रीपुत्र

@वसईची_लेक ताई, तुमच्या पणजोबांचं नाव तुमचंच आहे, त्यावर माझा वाद नाहीच. वाद 'पारंपरिक' या शब्दावर आहे. साइटवाला एपेलीला पारंपरिक म्हणतो आणि सेरू, तानोआ ही नावं यादीत येतसुद्धा नाहीत, हे खटकतंय मला. नवीन आपलंसं करा, पण जुनं पुसलं जातंय तेही बोला की.

अभ्यासू_कार्टं

जुनं पुसलं गेलं असं सरसकट म्हणता येत नाही. पूर्ण नावं बघा, बहुतेकांचं पहिलं नाव बायबलचं आणि पुढचं नाव फिजियन, आणि खरी गोष्ट त्या पुढच्या नावात लपलेली असते. सेफानाइया सुकानाइवालू. सेफानाइया म्हणजे बायबलमधला झेफनाया. पण सुका म्हणजे परतणे आणि ना इवालू म्हणजे युद्ध, युद्धावरून परतणं. जन्म १९१८ चा, याथाता बेटावरचा. दुसऱ्या महायुद्धात हा कॉर्पोरल पॅसिफिकमधल्या बूगनव्हिल बेटावर लढत होता, २३ जून १९४४ ला त्याची तुकडी जपानी माऱ्यात अडकली. दोन जखमी जवानांना त्याने सरपटत जाऊन परत आणलं, तिसऱ्याला आणताना स्वतःला गोळ्या लागल्या, हलता येईना. सोबती त्याला सोडून मागे जायला तयार नाहीत आणि त्यापायी तेही मरणार हे दिसल्यावर त्याने हातांवर जोर देऊन मशीनगनच्या समोर स्वतःला उचललं. व्हिक्टोरिया क्रॉस, म्हणजे ब्रिटिशांचं सर्वोच्च शौर्यपदक, मिळालेला तो एकमेव फिजियन. रबाउलजवळच्या युद्ध-स्मशानात पुरलाय, म्हणजे ते नाव असलेला माणूस परतला नाहीच. मी हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा बराच वेळ दुसरं काही सुचलं नव्हतं.

आणि आता एक न आवडणारी गोष्ट. कोरोइ ने सुरू होणारी नावं रग्बीत खूप ऐकू येतात, कोरोइबेते, कोरोइसाउ. जुन्या काळी लढाईत माणूस मारून आलेल्या तरुणाला विधीपूर्वक नवं नाव मिळायचं त्याच्या सुरुवातीला हे कोरोइ लागायचं. बाप्तिस्म्याच्या नावाने हे थांबलं असेल तर त्याचं दुःख करायचं का?

सह्याद्रीपुत्र

दुःख नाही करत, पण ते लपवूही नये. परंपरा म्हणजे फक्त गोड गोड अर्थ असलेली यादी नसते. आणि सुकानाइवालूचं उदाहरण माझ्याच बाजूचं आहे. तुम्ही सगळी गोष्ट दुसऱ्या नावावरून सांगितलीत, सेफानाइया एका वाक्यात संपलं.

लांबचा_प्रवासी

एका वाक्यात संपलं कारण त्याला ते नाव कुणावरून मिळालं ते आपल्याला माहीत नाही. त्याच्या गावातल्या माणसाला विचारलं असतं तर कदाचित तेवढीच मोठी गोष्ट निघाली असती.

अजून एक. हे सगळं भावनेचं नाहीये, जमिनीशी जोडलेलं आहे. देशातली ८० टक्क्यांहून जास्त जमीन आदिवासी कुळांच्या मालकीची आहे, कुळाला मातांगाली म्हणतात, आणि मूल जन्मल्यावर त्याचं नाव वोला नी कावा म्बुला या कुळनोंदवहीत चढतं. त्या वहीत नाव असेल तर जमिनीवर हक्क. तिथे एपेली लिहिलंय का सेरू याला काडीचा फरक पडत नाही, कुठल्या मातांगालीखाली लिहिलंय त्याला पडतो.

लौतोकाची_सून

मी लग्न होऊन फिजीतल्या लौतोका शहरात आले, सासरचे गिरमिटिया घराण्यातले. सगळ्यांचं वाचलं पण एक गोष्ट कुणीच बोललं नाही म्हणून लिहिते. तुम्ही 'फिजियन' म्हणताय ते इ-तौकेइ, म्हणजे तिथल्या मूळ रहिवाशांबद्दल. २०१० पासून सरकारी भाषेत त्यांना इ-तौकेइ म्हणतात आणि २०१३ च्या राज्यघटनेप्रमाणे फिजियन म्हणजे देशाचा प्रत्येक नागरिक. मग विजय हे फिजियन मुलाचं नाव नाही का? गोल्फवाला विजय सिंग आमच्या लौतोकाचाच. १८७९ ते १९१६ मध्ये साठ हजारांवर लोक भारतातून करारावर नेले, पासवर बाकी तपशील असायचे पण नाव म्हणून माणसाचं नाव आणि बापाचं नाव एवढंच, मग कित्येक घरांत बापाचं किंवा आजोबांचं पहिलं नाव तेच आडनाव होऊन बसलं. आमच्याकडे तेच झालंय. आज पाचव्या-सहाव्या पिढीतही ते नाव आहे आणि मूळ गाव कुणाला माहीत नाही.

बाकी याथाबद्दल @लांबचा_प्रवासी बरोबर बोलतायत. आमच्या शेजारी बाळ झालं तेव्हा मी रोंगोरोंगोला गेले होते, म्हणजे बाळाला मांडीवर घ्यायला नातेवाईक येतात तो कार्यक्रम. बाहेर यांगोना, म्हणजे कावाचं पेय, ढवळणं चालू, आत बायका चटया घेऊन येतायत, विणलेल्या, कडेला रंगीत लोकरीची झालर, एकावर एक एवढ्या रचल्या की बाळाची आई त्यांच्या मागे दिसेना. बाळाचं नाव जोने, म्हणजे जॉन. कोपऱ्यात एक म्हातारे जोने बसलेले, नात्याने आजोबांचे भाऊ. मी नवीन होते, मी विचारलं जोनेचा अर्थ काय, तर बाळाची आजी माझ्याकडे बघतच राहिली आणि मग त्या म्हाताऱ्यांकडे बोट दाखवलं. नंतर अख्खी संध्याकाळ जो येईल तो त्या म्हाताऱ्यांनाच म्हणत होता की याथा फार बारीक आहे, खायला घाला.

सह्याद्रीपुत्र

@लौतोकाची_सून हे वाचून छान वाटलं, आणि विजयबद्दल तुमच्याशी सहमत. पण माझा मुद्दा सोडत नाही. त्या म्हाताऱ्या जोनेंच्या आजोबांच्या आजोबांचं नाव जोने नव्हतं. ते नाव काय होतं ते पुढच्या वेळी गेलात की विचारा, आणि ते आता कुणाला ठेवलंय का तेही विचारा. कुणाला ठेवलं नसेल तर मला तिथे काहीतरी हरवलंय असंच वाटणार.

लौतोकाची_सून

विचारते. पण त्यांच्या घरातल्या मोठ्या मुलाचं दुसरं नाव जुनं फिजियन आहे एवढं मला आत्ताही माहीत आहे, तेव्हा सगळंच हरवलंय असं धरून चालू नका.

नवा_बाबा_पुणे

वेगळा प्रश्न. आम्ही ऑकलंडला होतो तेव्हा फिजियन मित्रांनी खूप जीव लावला, आता मुलगा झालाय, त्याचं नाव 'रातू' ठेवायचं मनात आहे, ऐकायला मराठीतही गोड वाटतं. चालेल का?

लांबचा_प्रवासी

अभिनंदन! पण रातू ठेवू नका. ते नाव नाही, सरदार घराण्यातल्या पुरुषांचा किताब आहे, बायकांना आदी. रेवा प्रांताकडे त्याच जागी रो लावतात. तुमच्या मुलाला रातू म्हणणं कुठल्याही फिजियन माणसाला विचित्र वाटेल, तोंडावर बोलणार नाहीत तरी. बाहेरच्या माणसाला हे मिळत नाही असं नाही. २०१६ ला रिओमध्ये रग्बी सेव्हन्सचं सुवर्ण जिंकलं, फिजीचं पहिलंच ऑलिंपिक पदक, त्यानंतर इंग्लिश कोच बेन रायनला सेरुआच्या सरदारांनी तीन एकर जमीन आणि रातू पेनी राइयानी लातिआनारा हे नाव दिलं. पण ते त्यांनी दिलं, त्याने उचललं नाही.

त्यापेक्षा ज्या मित्राने सगळ्यात जास्त जीव लावला त्याला फोन करा आणि तुझं नाव ठेवू का असं सरळ विचारा. तो हो म्हणाला तर तुमच्या मुलाला तिथे एक याथा मिळेल आणि मग नाव सेरू आहे का सितिवेनी याचा वाद आम्ही इथे घालत बसू. फक्त एक, हो म्हणाला की तो मुलाला भेटायला येणार, आणि तुम्हालाही बोलावणार, ते टाळू नका.

सह्याद्रीपुत्र

@नवा_बाबा_पुणे आणि त्याचं फिजियन नाव पण विचारून घ्या. दोन्ही ठेवता येतात.