नायजेल नीलच्या मालिका: सुरुवात कुठून करावी?

पाणकोंबडा: १९५०च्या दशकात बीबीसीसाठी विज्ञानकथा लिहिणाऱ्या नायजेल नीलचं काम बघायचंय. शास्त्रज्ञ क्वाटरमासच्या मालिका, १९५३च्या 'द क्वाटरमास एक्सपेरिमेंट'पासून क्रमाने बघत जावं का?

जुनीफीत: नको, दोन भागांनंतर अडकाल. सहाही भाग बीबीसीच्या लंडनमधल्या अलेक्झांड्रा पॅलेस स्टुडिओतून थेट प्रसारित झाले. मॉनिटरपुढे फिल्म कॅमेरा लावून पहिले दोन टिपले, दर्जा पसंत पडला नाही, पुढचे चार टिपलेच नाहीत. दुसऱ्या भागात पडद्यावर चक्क एक किडा बसलेला दिसतो. वेस्टमिन्स्टर ॲबीतल्या राक्षसाचा शेवटचा भागही त्यातच गेला. ॲबीच्या मोठ्या केलेल्या फोटोला भोकं पाडून, पालापाचोळा चिकटवलेले हातमोजे घालून नीलनेच आत हात घातले होते.

सुरुवात 'क्वाटरमास अँड द पिट'ने (१९५८-५९) करा. सुमारे ३५ मिनिटांचे सहा भाग, सगळे शाबूत. लंडनमध्ये पाया खणताना आदिमानवाच्या कवट्या सापडतात, मग न फुटलेल्या बाँबसारखं काहीतरी लागतं. सलग बघू नका, दिवसाला एकच भाग. प्रत्येक भागाची अखेर आठवडाभर थांबवण्यासाठी लिहिलेली आहे.

तिरकस: एक सावधगिरी. याच नावांचे हॅमर या ब्रिटिश चित्रपट कंपनीचे सिनेमेही आहेत (१९५५, १९५७, १९६७), शोधताना आधी तेच समोर येतात. पहिल्या सिनेमात क्वाटरमास झालेला ब्रायन डॉनलेव्ही नीलला अजिबात पटला नव्हता, आणि ते रास्तच: विचारी शास्त्रज्ञाचा खेकसणारा साहेब झालाय. १९६७ची पटकथा नीलचीच, पण साडेतीन तासांचा ऐवज दीड तासात कोंबलाय.

जुनीफीत: सहमत. 'पिट'नंतर ऑर्वेलच्या कादंबरीवरून नीलने लिहिलेलं 'नाइन्टीन एटी-फोर' (१९५४), दिग्दर्शक रुडॉल्फ कार्टिए, नायक पीटर कुशिंग. १२ डिसेंबरला झालेला प्रयोग १६ तारखेला पुन्हा थेट सादर केला, आज उरलाय तो हा दुसरा.

तिरकस: आणि 'द स्टोन टेप', २५ डिसेंबर १९७२. ध्वनिमुद्रणाचं नवं माध्यम शोधणाऱ्या संशोधकांना भिंतीच्या दगडातच भूतकाळ मुद्रित झालेला सापडतो. आवाज बारीक ठेवून बघितलात तर अर्धी गंमत गेली. १९६८चं 'द इयर ऑफ द सेक्स ऑलिंपिक्स' रंगीत बनलं होतं, उरलंय मात्र कृष्णधवल. तुमची प्रत खराब नाही.

पाणकोंबडा: डीव्हीडी इथे चालेल?

जुनीफीत: २००५च्या बीबीसी संचात बीबीसीच्या तिन्ही क्वाटरमास मालिका आहेत (मधली १९५५ची 'क्वाटरमास टू'), पण डीव्हीडीवर कुठल्या भूभागात चालेल याचा रीजन क्रमांक असतो: ब्रिटनचा २, आपला ५. प्लेअर मल्टिरीजन, म्हणजे सगळे रीजन चालवणारा, आहे ना ते आधी बघा. संगणकाच्या ड्राइव्हचा रीजन पाचदाच बदलता येतो, नंतर तो कायमचा अडकतो.