परदेशात माणूस बेपत्ता: शोध घेणं नेमकं कुणाचं काम?

खाडीपलीकडे (प्रश्न)
सौदीत ड्रायव्हर म्हणून गेलेला एक जण, वय ३४. दीड महिना फोन बंद. गावचं पोलीस ठाणं म्हणतं, ‘बाहेरचं प्रकरण, दूतावासाला कळवा.’ दूतावासाच्या मेलमध्ये एकच ओळ, ‘स्थानिक अधिकाऱ्यांना कळवलं आहे.’ घरच्यांचे कागद मी तयार करतोय. शोध घेणं सरकारला बंधनकारक आहे का? आणि अर्ज कुठे केला की खरंच हलतो? हातात इकाम्याचा (तिथल्या निवास परवान्याचा) फोटो आहे, कंत्राट नाही, एजंट तालुक्यातलाच.

कलमदान
‘शोधलाच पाहिजे’ असं सांगणारा स्वतंत्र कायदा आपल्याकडे नाही. वाणिज्यदूत संबंधांचा १९६३ चा व्हिएन्ना करार आहे, भारत त्यात १९७७ पासून. कलम ५ प्रमाणे नागरिकांना मदत करणं हे वकिलातीचं काम, पण हा करार दोन सरकारांमधला. कलम ३६ ची गोम तर घरच्यांना कुणी सांगतच नाही: माणूस अटकेत असेल, तर त्याने स्वतः मागणी केली तरच तिथले पोलीस वकिलातीला कळवतात. मागणी करता येते हे त्याला कळलंच नाही, तर आपल्या लेखी तो बेपत्ता.

उच्च न्यायालयात कलम २२६ खाली रिट करता येते. न्यायालय परराष्ट्र मंत्रालयाकडून ‘काय केलं ते सांगा’ असा अहवाल मागवू शकतं; रियाधच्या पोलिसांना हुकूम देऊ शकत नाही. म्हणून आधी खालची साखळी पक्की करा.

ठाण्यात नुसती ‘मिसिंग’ नोंदवून थांबू नका. एजंटने फसवलं असेल तर ती फसवणूक इथेच घडली, म्हणजे हद्द इथलीच. भारतीय न्याय संहिता कलम ३१८, शिवाय परवाना नसलेला एजंट असेल तर उत्प्रवास कायदा १९८३ चं कलम १० आणि २४. गुन्हा दाखल झाला की एजंटचे फोन तपशील आणि बँक खातं पोलिसांना काढता येतं. हद्दीचं कारण पुढे केलं तर शून्य क्रमांकाने नोंदवायला सांगा, नागरिक सुरक्षा संहिता कलम १७३.

तरहील
आखाताचं सांगतो. दूतावास तपास करत नाही, चौकशी करतो: कफील (तिथला मालक, ज्याच्या नावावर व्हिसा असतो), तुरुंग, तरहील (हद्दपारीचं केंद्र), रुग्णालयं, शवागारं. त्यामुळे अर्जात काय दिलंय यावर सगळं अवलंबून. नावावर शोध फसतो, कारण अरबीत लिहिताना त्याचं पार वेगळंच काहीतरी झालेलं असतं. नंबर द्या. सौदी इकामा दहा आकडी, २ ने सुरू होतो. अमिराती ओळखपत्र पंधरा आकडी, सुरुवात ७८४. इकामा निघालाच नसेल तर व्हिसाची प्रत आणि प्रवेशाच्या वेळचा बॉर्डर नंबर. सोबत पासपोर्टचं पहिलं-शेवटचं पान, कफीलचं नाव, शेवटचा फोन कधी आणि कुठून.

कफीलने हुरूब लावलाय का, हे पहिल्याच मेलमध्ये विचारा. ‘कामावरून पळाला’ अशी ती नोंद. ती लागली की इकामा निकामी, आणि माणूस रस्त्यात सापडला तर थेट तरहीलमध्ये.

तक्रार परराष्ट्र मंत्रालयाच्या ‘मदद’ पोर्टलवरच टाका, मेलवर विसंबू नका. तिथे क्रमांक मिळतो आणि ठरल्या मुदतीत हालचाल नसेल तर ती वरच्या अधिकाऱ्याकडे जाते. एक तक्रार, एकच क्रमांक. दर आठवड्याला नवी टाकणारे लोक स्वतःचंच प्रकरण विस्कटून ठेवतात.

खाडीपलीकडे
इंटरपोलची पिवळी नोटीस (बेपत्ता माणसासाठीची) घरच्यांना मागता येते का?

कलमदान
थेट नाही. पोलीस ठाणं, अधीक्षक, राज्याचे इंटरपोल संपर्क अधिकारी, मग सीबीआय. जानेवारी २०२५ पासून हे सीबीआयच्या ‘भारतपोल’ पोर्टलवरून जातं. नोटीस म्हणजे इशारा. ती निघाली म्हणून कुणी शोधायला बाहेर पडत नाही. त्याआधी पोलिसांमार्फत इमिग्रेशन ब्युरोकडे विचारा की तो भारतात परतल्याची नोंद आहे का. हे सगळ्यात सोपं, आणि बहुतेक वेळा विसरलं जातं.

डहाणू बंदर
मच्छीमार पाकिस्तानच्या ताब्यात असेल तर वाट वेगळी. पाकिस्तानशी २००८ चा करार आहे, दर १ जानेवारी आणि १ जुलैला दोन्ही देश कैद्यांच्या याद्या देतात. पालघरचे खलाशी गुजरातच्या बोटींवर असतात, त्यामुळे चौकशी तिथल्या मत्स्यव्यवसाय खात्याकडेही करा, इथेच खेटे घालू नका.

आणि जवळच्या रक्ताच्या नातेवाइकांचा डीएनए नमुना द्यायची तयारी ठेवा. इराकमधल्या मोसुलजवळ २०१४ ला बेपत्ता झालेल्या ३९ भारतीयांची ओळख २०१८ मध्ये त्यावरूनच पटली. ऐकायला कठोर आहे, पण तिथे चेहऱ्यावरून ओळखण्यासारखं काही उरलं नव्हतं.

कलमदान
सात वर्षं काहीच खबर नसेल तर साक्ष्य अधिनियम कलम १११ खाली मृत्यूचं अनुमान. ते मृत्यूचं, मृत्यूच्या तारखेचं नाही. त्यामुळे विम्याचे हप्ते मधल्या काळात थांबवू नका. २००४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने आयुर्विम्याच्या प्रकरणात हेच धरलंय, हप्ते थकून पॉलिसी बंद पडली तर नंतर पूर्ण रक्कम मागता येत नाही.