'फोल्क'ला मराठीत काय म्हणावे: राष्ट्र, लोक की जन?

प्रश्न

जर्मन राष्ट्रवादाच्या वैचारिक उगमावरचा एक लेख मराठीत आणते आहे. हेर्डर आणि फिश्टे या जर्मन विचारवंतांच्या लेखनात 'फोल्क' हा जर्मन शब्द पानोपानी येतो. पहिल्या खर्ड्यात मी सगळीकडे 'राष्ट्र' लिहिले. पण त्यांच्याकडे 'नात्सिओन' (म्हणजे 'नेशन') हा शब्दही आहे. दोघांनाही 'राष्ट्र' म्हटले की फरकच बुडतो. एका स्नेह्यांनी 'वंश' सुचवला आहे. काय करावे?

उत्तर

'वंश' अजिबात नको. तो विसाव्या शतकातला अर्थ हेर्डरच्या तोंडी घातल्यासारखा होईल. हेर्डर (१७४४–१८०३) रक्ताबद्दल बोलत नव्हता, भाषेबद्दल बोलत होता. त्या काळी प्रशियाचा राजा दुसरा फ्रेडरिक स्वतः फ्रेंचमध्ये लिही. जर्मन साहित्य कसे कच्चे आहे हे सांगणारी पुस्तिकाही त्याने १७८० मध्ये फ्रेंचमध्येच लिहिली. अशा वातावरणात हेर्डर म्हणत होता की समाजाचा आत्मा दरबारात सापडणार नाही, तो शेतकऱ्याच्या, दाईच्या, कोळ्याच्या गाण्यात आहे. १७७३ च्या निबंधात त्याने 'फोल्क्सलीड' (फोल्कचे गाणे) हा शब्द वापरला आणि १७७८–७९ मध्ये गाण्यांचा संग्रह काढला. त्यात एस्टोनियन, लिथुआनियन गाणीही होती. कुठलाही एक समाज बाकीच्यांहून श्रेष्ठ, हे त्याला मान्य नव्हते. आपण 'लोकगीत' म्हणतो त्यातला 'लोक' नेमका हाच. म्हणून हेर्डरसाठी 'लोक' लिहा.

आणखी एक जुळणारी गोष्ट. जुन्या जर्मनमध्ये 'फोल्क' म्हणजे सैन्याची माणसे असाही अर्थ होता. पायदळाला 'फूसफोल्क' म्हणत. आपल्या बखरींतही 'मावळे लोक', 'लोक कामास आले' असे येते, तिथे लोक म्हणजे शिपाईच. दोन्ही भाषांत शब्द इतका सारखा चालत आला, हे पाहून मला फार आनंद झाला होता.

दुसरे मत

हेर्डरपुरते पटले. पण फिश्टेला 'लोक' पुरत नाही. मराठीत 'लोक' बरेचदा परकेच असतात: 'लोक काय म्हणतील', 'लोकाचं पोर'. फिश्टेचा 'फोल्क' म्हणजे 'आपण'. काळ बघा. ऑगस्ट १८०६ मध्ये पवित्र रोमन साम्राज्य विसर्जित झाले, ऑक्टोबरमध्ये येनाच्या लढाईत फ्रेंचांपुढे प्रशियाचा धुव्वा उडाला. फ्रेंच फौजा बर्लिनमध्ये असताना, डिसेंबर १८०७ ते मार्च १८०८ या काळात त्याने तिथे १४ व्याख्याने दिली. हातात राज्य नाही, सीमा नाही, उरली फक्त भाषा. जर्मनांनी आपली मूळ भाषा जिवंत ठेवली म्हणून ते 'उर्फोल्क' (मूळचे फोल्क), असे तो म्हणतो. इथे 'मूळजन' शोभेल. 'स्वजन'मधली आपुलकी 'जन'मध्ये आहे.

उत्तर

'लोकाचं पोर' हा मुद्दा बिनतोड आहे, माझ्या लक्षात आला नव्हता. पण हेर्डरला 'लोक' आणि फिश्टेला 'जन' दिले तर वाचकाला दोन कल्पना दिसतील. खरी गोष्ट अशी की शब्द तोच राहिला आणि त्याच्या आत अर्थ सरकत गेला: गाणारी माणसे, मग मूळ भाषेची निवडक माणसे, पुढे याहन या राष्ट्रवादी लेखकाने १८१० मध्ये 'फोल्क्सटूम' (फोल्कपण) हा शब्द काढून आपले कोण, परके कोण असे कुंपण घातले. फिश्टेला तरी सरळ कुंपणवाला म्हणता येईल का? स्वातंत्र्यावर श्रद्धा असणारा माणूस कुठेही जन्मो, कोणतीही भाषा बोलो, तो आपलाच, असे सातव्या व्याख्यानात तोच म्हणतो. आणि १७९३ मध्ये ज्यूंबद्दल अत्यंत विखारी ओळीही त्यानेच लिहिल्या. ही ओढाताण अनुवादात पुसली जाऊ नये.

१९८९ मध्ये पूर्व जर्मनीतल्या लाइपझिगमध्ये लोक रस्त्यावर आले तेव्हा घोषणा होती, 'आम्हीच फोल्क आहोत', म्हणजे सत्ता जनतेची. काही आठवड्यांतच ती 'आम्ही एक फोल्क आहोत' झाली, म्हणजे दोन्ही जर्मनी एक. पहिली 'जनता', दुसरी जवळजवळ 'राष्ट्र', आणि जर्मनमध्ये बदलले एवढेसे उपपद. मराठीत दोन्हीकडे चालेल असा एक शब्द मला सापडत नाही.

म्हणून 'फोल्क' देवनागरीत तसाच ठेवा. पहिल्या वेळी 'लोक, जन, ज्यांची भाषा एक ते आपण' असा खुलासा द्या. 'राष्ट्र' फक्त 'नात्सिओन'साठी राखा.

प्रश्नकर्ती

खर्ड्यातले सगळे 'राष्ट्र' आज पुन्हा तपासायला घेतले. फिश्टेच्या उताऱ्यात 'फोल्क' ठेवून वाचले, तर वाक्य अडखळत नाही. 'उर्फोल्क'ला 'मूळ फोल्क' लिहिते आहे.