सैन्याने मंत्र्याचं ऐकायचंच कशाला?

खिडकीपाशी

प्रश्न जरा बाळबोध आहे पण बरेच दिवस डोक्यात घोळतोय म्हणून विचारूनच टाकतो. संरक्षणमंत्री म्हणजे कुठल्याही लोकशाहीत काल-परवापर्यंत भलतंच खातं सांभाळणारा माणूस, कधी वकील, कधी प्राध्यापक, बऱ्याचदा नुसताच पुढारी, आणि त्याच्यासमोर बसलेला सेनाप्रमुख पस्तीस-चाळीस वर्षं हेच एक काम करत वर आलेला. तरी शेवटचा शब्द मंत्र्याचा. हॉस्पिटलचा ट्रस्टी ऑपरेशन थिएटरमध्ये घुसून सर्जनला इथे काप तिथे काप असं सांगत नाही ना, मग इथेच असं का?

आणि दुसरा प्रश्न पहिल्यापेक्षा जास्त छळतो. रणगाडे, विमानं, माणसं, दारूगोळा सगळं जनरलकडे. मंत्र्याकडे काय, एक पेन. मग ते ऐकतात का? घटनेत लिहिलंय म्हणून, असं म्हणू नका, घटना तर जिथे जिथे तख्त उलटलं तिथेही छापलेली होतीच. देशप्रेम, शिस्त वगैरे गुळगुळीत उत्तरंही नकोत प्लीज, प्रत्यक्षात हे चालतं कसं ते हवंय.

तिरकस

तुमच्या हॉस्पिटलात एक माणूस राहूनच गेला, पेशंट. कुठे कापायचं ते सर्जन बघेल पण ऑपरेशन करायचं का नाही त्यावर सही पेशंटची लागते. युद्धाचंही तेच आहे. किती डिव्हिजन लागतील, कुठून शिरायचं हे जनरलने सांगावं, पण मुळात युद्ध करायचं का, कुठवर ताणायचं, कधी थांबायचं हे ज्यांची पोरं आणि ज्यांचा पैसा जाणार त्यांनी निवडून दिलेल्या माणसाने ठरवायचं. तो चुकतो, बरेचदा चुकतो, पण त्याला पुढच्या निवडणुकीत घरी बसवता येतं. जनरलला कसं बसवणार?

अमेरिकेच्या मॅकआर्थरचं प्रकरण बघा. कोरियन युद्ध चालू होतं, हा दुसऱ्या महायुद्धाचा हिरो, पंचतारांकित जनरल, आणि त्याला युद्ध चीनपर्यंत न्यायचं होतं. राष्ट्राध्यक्ष ट्रुमनला नको होतं. मत वेगळं असायला कुणाचीच हरकत नव्हती, पण यानं विरोधी पक्षाच्या नेत्याला पत्र लिहिलं आणि ते ५ एप्रिल १९५१ ला संसदेत वाचून दाखवलं गेलं. ११ एप्रिलला ट्रुमनने त्याला काढला. लोक प्रचंड भडकले, न्यूयॉर्कमध्ये मॅकआर्थरची जंगी मिरवणूक निघाली आणि ट्रुमनची लोकप्रियता पार रसातळाला गेली. पण खुद्द तिन्ही दलांचे प्रमुख ट्रुमनच्या बाजूने होते, त्यांच्या समितीचा अध्यक्ष जनरल ब्रॅडली तर सिनेटसमोर जाऊन सांगून आला की चीनशी युद्ध वाढवणं ही घोडचूक ठरली असती. ट्रुमनही तसा अगदीच कोरा नव्हता म्हणा, पहिल्या महायुद्धात तोफखान्यात कॅप्टन होता. कॅप्टनने पंचतारांकिताला काढला!

जुना_गणवेश

बरीच वर्षं वर्दीत काढलीयत म्हणून दुसऱ्या प्रश्नावर बोलतो.

तुम्ही समजता की "सैन्य" नावाचा एकच माणूस आहे आणि त्याने मनात आणलं की झालं. तसं नसतं हो. जनरलच्या हातात स्वतःची अशी एकही बंदूक नसते, त्याच्या हातात फक्त आदेश असतो, तो कर्नलने मानला तर, कर्नलचा मेजरने मानला तर आणि शेवटी रणगाड्यात बसलेल्या पोराने इंजिन चालू केलं तर. आणि यातला प्रत्येक जण आजूबाजूला बघत असतो की बाकीचे काय करतायत, कारण सगळे निघाले आणि आपण थांबलो तर कोर्ट मार्शल, आणि आपण निघालो नि बाकीचे थांबले तर जास्तच कोर्ट मार्शल.

स्पेनमध्ये २३ फेब्रुवारी १९८१ ला हेच झालं. नवीन पंतप्रधानासाठी मतदान चालू असताना तेहेरो नावाचा लेफ्टनंट कर्नल सिव्हिल गार्ड या निमलष्करी पोलीस दलाचे दोनेकशे लोक घेऊन सभागृहात घुसला आणि छतावर गोळ्या झाडल्या. खासदार बाकांखाली. गुतिएरेस मेयादो म्हणून उपपंतप्रधान होते, स्वतः जनरल, वय ६८, ते उठून सरळ बंदूकवाल्यांसमोर गेले आणि त्यांना हुकूम सोडला की शस्त्रं खाली ठेवा. त्यांना धक्काबुक्की झाली, खाली पाडायचा प्रयत्न झाला पण म्हातारा पडला नाही. वालेन्सियामध्ये एका जनरलने रणगाडे रस्त्यावर आणले. आणि बाकीचे विभागप्रमुख? वाट बघत बसले. राजा उठावाच्या बाजूने आहे का, हा एकच प्रश्न होता सगळ्यांना. राजा त्या रात्री एकेकाला फोन करत होता आणि रात्री एकनंतर तो लष्करी गणवेशात टीव्हीवर आला आणि म्हणाला की हे चालणार नाही. तिथेच संपलं. दुसऱ्या दिवशी दुपारी तेहेरो शरण आला. छतातली गोळ्यांची भोकं त्यांनी अजून तशीच ठेवलीयत.

म्हणजे नियम, शपथ, परंपरा या गोष्टी कागदी वाटतात पण त्यांच्यामुळेच प्रत्येकाला खात्री असते की शेजारचा निघणार नाही. ही खात्री आहे तोवर मंत्र्याचं पेन पुरतं.

आता तुमच्या पहिल्या प्रश्नातली तक्रार मात्र खरी आहे. काहीच न वाचता मीटिंगला येणारा मंत्री वरिष्ठांच्या डोक्याला ताप असतो. तरी आमच्यात शिकवतात ते असं की बंद दाराआड काय भांडायचंय ते भांडा, आकडे तोंडावर फेका, पण निर्णय झाला की सॅल्यूट. नाहीच पटलं तर राजीनामा. पेपरात गळती करणं हा यातला पर्याय नाही.

सडेतोड

हे सगळं पुस्तकी आहे. पुढारी चोर असतात हे शेंबडं पोरही सांगेल, सैन्यात निदान शिस्त आणि प्रामाणिकपणा असतो. काही वर्षं त्यांच्या हाती दिलं तर देश सुतासारखा सरळ होईल.

तिरकस

@सडेतोड, अर्जेंटिना. १९७६ ला असंच "काही वर्षं" हाती घेतलं होतं. लोकशाही परत आल्यावर नेमलेल्या आयोगाने बेपत्ता झालेल्यांची यादी केली ती जवळजवळ ९००० नावांची निघाली, तीही फक्त नोंद झालेल्यांची. अर्थव्यवस्था गाळात. आणि ज्या कामासाठी सैन्य असतं ते तरी? १९८२ ला फॉकलंड बेटांवर उतरले आणि अडीच महिन्यांत शरणागती. राज्य चालवण्यात गुंतलेलं सैन्य लढण्यातही बोथट होतं असं माझं मत. १९८५ मध्ये जुंटाच्या, म्हणजे राज्य करणाऱ्या लष्करी मंडळाच्या, नऊ सदस्यांवर साध्या नागरी कोर्टात खटला चालला, व्हिडेला आणि मासेराला जन्मठेप झाली. चोर पुढारी बदलायला पाच वर्षं थांबावं लागतं, यांना घालवायला एक युद्ध हरावं लागलं.

पैपैचा_हिशेब

सगळे शपथ आणि परंपरेवर बोलताय, पैशाचं कुणी काढत नाहीये. पेनात दम कुठून येतो? तर बजेटमधून.

अमेरिकेच्या घटनेत चक्क लिहिलंय की सैन्यासाठी दोन वर्षांपेक्षा जास्त मुदतीची तरतूद एकदम करता येणार नाही. आरमाराला ही अट नाही, फक्त भूदलाला, कारण जहाज घेऊन राजधानीवर चाल करता येत नाही हे त्या लोकांना कळत होतं. ब्रिटनमध्ये १६८९ च्या बिल ऑफ राइट्सपासून शांततेच्या काळात पार्लमेंटच्या संमतीशिवाय उभं सैन्य ठेवणंच बेकायदा आहे, आणि आजही सशस्त्र दलांचा कायदा दर पाच वर्षांनी नव्याने पास करावा लागतो, मधल्या काळात दर वर्षी दोन्ही सभागृहांची मंजुरी. नाही केला तर सैनिकाने आदेश पाळायलाच हवा यामागचा कायदाच संपतो. मला हे फार आवडतं, एवढं जुनं राज्य आणि अजूनही सैन्याला कायमचा परवाना दिलेला नाही.

आता उलटं टोक म्हणजे चिली. तिथे तांब्याच्या सरकारी कंपनीच्या निर्यातीतले १० टक्के थेट शस्त्रखरेदीला जायचे, संसदेने हो म्हणो वा नाही. लष्करी हुकूमशहा पिनोशे १९९० मध्ये राष्ट्राध्यक्षपदावरून गेला पण १९९८ पर्यंत सेनाप्रमुख म्हणून बसून राहिला, कारण त्यानेच करून घेतलेल्या घटनेनुसार निवडून आलेल्या अध्यक्षाला सेनाप्रमुख काढताच येत नव्हता. ते कलम जायला २००५ उजाडलं आणि तांब्याचा कायदा तर २०१९ ला रद्द झाला. निवडणुका झाल्या म्हणजे काम झालं असं वाटणाऱ्यांनी ही सालं बघावीत.

म्यानमारमध्ये तर २००८ च्या घटनेतच २५ टक्के खासदार लष्कराचे, घटना बदलायला ७५ टक्क्यांहून जास्त मतं हवीत, आणि संरक्षण, गृह, सीमा ही तिन्ही खाती सेनाप्रमुख ठरवेल त्याच्याकडे. कुलूपही त्यांचं, किल्लीही त्यांचीच. तरीही फेब्रुवारी २०२१ मध्ये सरकार उलथवलंच, निवडणुकीत फार हरले म्हणून.

खिडकीपाशी

पैशाचा मुद्दा डोक्यातच आला नव्हता. पण मग एक शंका. चीनमध्येही सैन्य पक्षाच्या मुठीत आहे, स्टालिनने तर १९३७ ला मार्शल तुखाचेव्स्कीलाच गोळी घातली, जनरल लोक चळाचळा कापायचे. म्हणजे नियंत्रण तर तिथेही पक्कं आहे की. मग फरक काय राहिला?

रात्रपाळी

फरक एवढाच की पेन ज्याच्या हातात आहे त्याला कोण धरणार. इतका वेळ सगळे गृहीत धरून चाललेत की धोका जनरलकडून आहे. दक्षिण कोरियात ३ डिसेंबर २०२४ ला धोका निवडून आलेल्या राष्ट्राध्यक्षाकडून आला, सैन्य तर बिचारं हुकूम पाळायला निघालं होतं.

मी त्या रात्री लाइव्ह बघत होतो. रात्री साडेदहाच्या सुमारास यून साहेबांनी टीव्हीवर येऊन मार्शल लॉ लावला, थोड्या वेळात संसदेच्या आवारात हेलिकॉप्टरं उतरली, पोलिसांनी गेट अडवलेलं म्हणून खासदार कुंपणावरून चढून आत जातायत, सभापतीसुद्धा, आणि आत कर्मचाऱ्यांनी दारांना खुर्च्या टेबलं लावून ठेवलेली आणि सैनिक आत घुसायला लागले तर त्यांच्या तोंडावर अग्निशामक नळकांडी फवारतायत. त्यांच्या घटनेत आहे की संसदेच्या एकूण सदस्यांपैकी बहुमताने मागणी केली तर अध्यक्षाला मार्शल लॉ उठवावाच लागतो. ३०० पैकी १५१ हवे होते. एकच्या सुमारास १९० जण जमले आणि १९० च्या १९० मतं पडली. पहाटे साडेचारपर्यंत मार्शल लॉ उठला.

बघण्यासारखं होतं ते सैनिकांचं वागणं. स्पेशल फोर्सेसची पोरं, मनात आणलं असतं तर पाच मिनिटांत सभागृह रिकामं केलं असतं. पण रेंगाळत होती, ढकलाढकली झाली की मागे सरत होती. त्यांच्या कमांडरने नंतर साक्ष दिली की खासदारांना बाहेर ओढून काढा असा आदेश मला थेट अध्यक्षांकडून आला होता. एप्रिल २०२५ मध्ये तिथल्या घटनात्मक न्यायालयाने यूनना पदावरून काढलं त्या निकालातही हे नोंदवलंय, की लोकांचा प्रतिकार आणि सैनिक-पोलिसांची ढिलाई यामुळे संसदेला मतदान करता आलं.

ही ढिलाई काही आभाळातून पडली नाही. १९८० ला ग्वांगजूमध्ये त्याच देशाच्या सैन्याने स्वतःच्या लोकांवर गोळ्या चालवल्या होत्या, ते करवणारा जनरल चुन डू-ह्वान नंतर राष्ट्राध्यक्ष झाला, आणि तरी १९९६ मध्ये त्याला कोर्टात उभं करून फाशी सुनावली गेली, पुढे ती कमी झाली आणि माफीही मिळाली ते सोडा. त्याआधी १९९३ मध्ये राष्ट्राध्यक्ष किम यंग-साम यांनी सैन्यातली हानाह्वे नावाची गुप्त टोळी उखडून काढली होती, बढत्या आणि मोक्याच्या जागा तीच वाटायची. त्यामुळे त्या रात्री प्रत्येक अधिकाऱ्याला ठाऊक असणार की उद्या विचारतील, कुणाच्या सांगण्यावरून गेलास? स्टालिनच्या अधिकाऱ्याला भीती फक्त स्टालिनची होती, यांना कोर्टाचीही होती.

जुना_गणवेश

@रात्रपाळी, पटलं, आणि यात जर्मनीचं जोडतो. तिथल्या सैनिकांच्या कायद्यातच आहे की जो आदेश पाळल्याने गुन्हा घडेल तो पाळायचाच नाही. आणि संसदेने नेमलेला एक आयुक्त असतो, कुठलाही साधा शिपाई वरिष्ठांना न विचारता थेट त्याला पत्र लिहू शकतो. वरिष्ठ वैतागतात, मीही वैतागलो असतो, पण बराकीत काय शिजतंय ते संसदेला जनरलच्या आधी कळतं.

खिडकीपाशी

आणि गुप्तचर लोक? त्यांना तर बजेटही गुप्त आणि कामही.

पैपैचा_हिशेब

तिथे खरंच अवघड आहे. अमेरिकेत १९७५ च्या चर्च समितीपर्यंत (चर्च हे सिनेटरचं आडनाव) कुणी नीट विचारलंच नव्हतं, मग बाहेर आलं की परदेशी नेत्यांच्या हत्येचे कट आणि स्वतःच्याच नागरिकांची पत्रं उघडून वाचणं असे उद्योग वर्षानुवर्षं चालू होते. त्यानंतर सिनेटची कायमची समिती आली आणि १९७८ ला पाळतीसाठी वेगळं कोर्ट. पण ते कोर्ट बंद दाराआडच चालतं आणि बहुतेक अर्ज मंजूर करतं, त्यामुळे माझा तरी फार भरवसा नाही. पोलिसांचा वेगळा धागा काढा, इथे मावणार नाही.

सडेतोड

बरं ठीक, मग निवृत्त जनरललाच संरक्षणमंत्री करा की. जाणकारही झाला आणि नागरीही झाला, दोन्ही प्रश्न मिटले.

तिरकस

अमेरिकेत त्यासाठीच कायदा आहे, १९४७ चा. वर्दी उतरवून दहा वर्षं झाल्याशिवाय हे पद नाही, २००८ ला ते सातवर आणलं, जनरल दर्जाच्या लोकांसाठी मात्र पुढे पुन्हा दहा केलं. कारण काल निवृत्त झालेल्या माणसाचे दोस्त, चेले, जुनी भांडणं सगळी अजून आतच असतात, आणि तो ज्यांच्यावर लक्ष ठेवायला बसतो ते त्याच्याच बॅचचे असतात. १९५० ला जनरल जॉर्ज मार्शलसाठी अपवाद केला तेव्हाच काँग्रेसने म्हटलं होतं की हे पुन्हा करू नये, आणि पासष्ट-सत्तर वर्षं खरंच केलं नाही. मग २०१७ ला मॅटिस, २०२१ ला ऑस्टिन, लागोपाठच्या दोन सरकारांनी सूट घेतली. दोघं माणसं चांगली असतील, माझं त्यांच्याशी काही वाकडं नाही, पण पुढचा जो कोणी सूट मागेल त्याला आता नाही कुठल्या तोंडाने म्हणणार?